आयर्लंडचे गाजलेले खटले: फितूर वकील, माफीचे साक्षीदार आणि तुमचे प्रश्न

मागच्या अंकात ब्रिटिशांविरुद्ध उठाव करणाऱ्या आयरिश क्रांतिकारक रॉबर्ट एमेटवर 1803 साली चाललेल्या राजद्रोहाच्या खटल्याबद्दल छोटा लेख आला होता. त्यावर एवढी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. काहींना एमेटबद्दलच अजून हवंय, बाकीच्यांचं म्हणणं आयर्लंडचे दुसरे खटले पण सांगा. सारखे प्रश्न एकत्र केलेत, आणि उत्तरं काही लांब काही आखूड झालीयत, ते चालवून घ्या.

प्रश्न: एमेटचा वकीलच सरकारचा खबऱ्या होता हे तुम्ही एका ओळीत उरकलंत. हे खरंच असं होतं का? आणि मग तो खटला कायदेशीर कसा म्हणायचा? (वाचक, सांगली)

खरंच होतं. लेनर्ड मॅकनॅली त्याचं नाव. हा स्वतः 'युनायटेड आयरिशमेन' या क्रांतिकारी संघटनेतला, पकडलेल्या साथीदारांच्या केसेस लढवायचा, कोर्टात जोरदार भाषणं ठोकायचा आणि आरोपींनी विश्वासाने जे काय सांगितलं ते गुपचूप डब्लिन कॅसलला म्हणजे सरकारला पोचवायचा, आणि हे 1790 च्या दशकापासून बिनबोभाट चालू होतं. एमेटचा मुख्य वकील तो नव्हता, तो मान पीटर बरोजचा, मॅकनॅली जोडीला होता. पण जोडीला असला तरी बचाव काय करणार हे त्याला सगळं माहीत होतंच ना.

लोकांना कळलं कधी, तर तो 1820 मध्ये मेल्यावर. सरकारकडून त्याला वर्षाला 300 पौंड गुपचूप मिळत होते, ते पुढेही चालू ठेवा म्हणून वारसाने मागणी केली आणि सगळं बाहेर आलं! तोपर्यंत लोक त्याला देशभक्तच समजत होते.

कायदेशीर म्हणाल तर कागदावर सगळं नियमात बसलेलं. 19 सप्टेंबर 1803, डब्लिनचं ग्रीन स्ट्रीट कोर्ट, सकाळी सुरू झालेला खटला रात्री संपला, ज्युरी जागेवरून उठलीसुद्धा नाही. जज लॉर्ड नॉरबरी, फाशी देण्याबद्दल फेमस. दुसऱ्या दिवशी थॉमस स्ट्रीटवर फाशी आणि मग शिरच्छेद. वय 25. माझं मत विचाराल तर वकील प्रामाणिक असता तरी निकाल बदलला नसता, कारण एमेटने बचावाचे साक्षीदारच आणू दिले नाहीत, त्याला बोलायचं होतं ते शिक्षेच्या आधी. माझा देश जगातल्या इतर देशांच्या बरोबरीने उभा राहील तेव्हाच माझ्या समाधीवर काही लिहा, तोवर लिहू नका, असं तो म्हणाला. त्या भाषणाच्या एकापेक्षा जास्त आवृत्त्या आहेत त्यामुळे शब्दन् शब्द त्याचाच असं धरून चालू नका. आणि त्याचं शरीर नेमकं कुठे पुरलं ते आजपर्यंत सापडलेलं नाही.

प्रश्न: फिनिक्स पार्क खून खटल्यात माफीच्या साक्षीदाराला नंतर जहाजावर गोळी घातली असं ऐकलंय. आपल्याकडच्या चापेकर-द्रविड प्रकरणासारखंच झालं की हे! (वाचक, पुणे)

साम्य आहे, संबंध नाही. आणि थोडा फरकही आहे, द्रविड बंधू खबर देणारे होते, जेम्स केरी हा स्वतः कटात असलेला माणूस.

6 मे 1882. लॉर्ड फ्रेडरिक कॅव्हेंडिश हा आयर्लंडचा नवा चीफ सेक्रेटरी म्हणून त्याच दिवशी डब्लिनला पोचला होता, संध्याकाळी फिनिक्स पार्कमधून चालला होता, बरोबर थॉमस बर्क नावाचा वरिष्ठ अधिकारी. 'इन्व्हिन्सिबल्स' नावाच्या गुप्त गटाने दोघांना ऑपरेशनच्या सुऱ्यांनी मारलं. खरं टार्गेट बर्क होता, कॅव्हेंडिशला ते ओळखतही नव्हते, तो बरोबर होता म्हणून मेला.

केरी हा गटाचा एक म्होरक्या, बांधकामाचा धंदा, डब्लिनच्या नगरपालिकेवर निवडून आलेला प्रतिष्ठित माणूस. पकडल्यावर पोलिसांनी दुसरे फुटलेत असं वातावरण तयार केलं आणि हा फुटला. त्याच्या साक्षीवर 1883 च्या मे-जूनमध्ये किलमेनम तुरुंगात पाच जण फासावर गेले. त्यातला टिम केली हा जेमतेम विशीचा पोरगा, त्याच्या केसमध्ये ज्युरीचं दोनदा एकमत झालं नाही म्हणून तिसऱ्यांदा खटला चालवला आणि तिसऱ्यांदा मिळाला दोषी. तीन वेळा! सरकारला हवा तो निकाल येईपर्यंत फासे टाकत राहायचं, असलाच प्रकार.

केरीला नाव बदलून कुटुंबासकट दक्षिण आफ्रिकेकडे पाठवलं. 29 जुलै 1883 ला 'मेलरोज' जहाजावर पॅट्रिक ओडॉनेल नावाच्या सहप्रवाशाने त्याला गोळ्या घातल्या. ओडॉनेलला लंडनला आणून खटला चालवला आणि डिसेंबरात फाशी दिली. त्याला गटाने मुद्दाम मागावर पाठवलं होतं की योगायोगाने ओळख पटल्यावर त्याचं डोकं फिरलं, यावर लोक अजून वाद घालतात.

प्रश्न: आयर्लंडच्या इतिहासातला सगळ्यात अन्यायकारक खटला कुठला, एकच निवडा. (दोन वाचक, नाशिक आणि बडोदा)

एकच म्हणाल तर मामट्रास्ना. आणि इथे मी जरा लांबण लावणार आहे.

तेच वर्ष, 1882. गॉलवे आणि मेयो या परगण्यांच्या सीमेवर, लॉक मास्क या मोठ्या तळ्याच्या बाजूला डोंगरातली वस्ती, सगळे आयरिश बोलणारे, आणि निम्म्याहून जास्त लोकांचं आडनाव जॉइस नाहीतर केसी. त्यामुळे या केसमध्ये मेलेला जॉइस, आरोपी जॉइस, साक्षीदार पण जॉइस, वाचताना डोकं गरगरतं, पण नेटाने वाचा. 17 ऑगस्टच्या रात्री जॉन जॉइस नावाच्या शेतकऱ्याच्या घरात टोळी घुसली आणि तो, त्याची बायको, म्हातारी आई, मुलगी, सगळ्यांना मारलं, एक मुलगा जखमी होऊन दुसऱ्या दिवशी गेला. म्हणजे एकूण पाच. धाकटा पॅट्सी जखमी होऊनही वाचला. का मारलं याचं नक्की उत्तर आजही नाही, मेंढ्यांच्या चोरीवरून वैर म्हणतात, गुप्त संघटनेचा हिशोब म्हणतात.

दोन-तीन दिवसांत तीन साक्षीदार पुढे आले, ते पण जॉइसच, आरोपींशी आधीपासून वैर असलेले. त्यांचं म्हणणं आम्ही रात्रीच्या अंधारात लपतछपत टोळीच्या मागे गेलो आणि दहाच्या दहा जणांना ओळखलं. दहा! अंधारात, डोंगरात. पोलिसांनी दहाही उचलले. त्यातले दोघे, अँथनी फिलबिन आणि थॉमस केसी, माफीचे साक्षीदार झाले, म्हणजे उरले आठ.

आता कोर्ट. फिनिक्स पार्कच्या खुनांनंतर सरकारने घाईघाईने जो कडक कायदा केला त्यात खटला दुसऱ्या जिल्ह्यात हलवायची आणि खास निवडलेली ज्युरी बसवायची सोय होती. म्हणून गॉलवेच्या डोंगरातली ही माणसं उचलून डब्लिनच्या त्याच ग्रीन स्ट्रीट कोर्टात आणली. ज्युरी शहरातल्या पैसेवाल्यांची. कामकाज इंग्रजीत. दुभाषा होता पण तो मुख्यतः आयरिश बोलणाऱ्या साक्षीदारांचं म्हणणं कोर्टाला कळावं म्हणून, आरोपीला कोर्ट कळावं म्हणून नाही, आणि दुभाषा कोण तर पोलिसातलाच माणूस. बचावाचा सॉलिसिटर चोविशीतला, नवखा.

माइल्स जॉइस हा तिसरा आरोपी. आयरिशमध्ये त्याचं नाव मोल्रा शोई असं काहीसं होतं. त्याला इंग्रजी येत नव्हतं. स्वतःच्या जिवाचा खटला चाललाय आणि समोरचे वकील, जज काय बोलतायत ते कळत नाही, बसायचं नुसतं बघत. ज्युरीने त्याच्यासाठी सहा मिनिटं घेतली. दोषी ठरवल्यावर काही बोलायचंय का विचारलं तेव्हा तो आयरिशमध्ये बोलला, आणि त्याचं भाषांतर करून कोर्टाला सांगितलं गेलं: देवासमोर सांगतो, या खुनाशी माझा काही संबंध नाही. उरलेल्या पाच जणांना त्यांच्या पाद्र्याने सल्ला दिला की गुन्हा कबूल करा, जीव वाचेल. त्यांनी केला, फाशीची जन्मठेप झाली. दोघे तुरुंगातच गेले, तिघे 1902 मध्ये सुटले.

मला सगळ्यात जास्त राग येतो तो पुढच्या गोष्टीचा. जखमी मुलांनी पोलिसांना सांगितलं होतं की आलेल्यांची तोंडं काळी केलेली होती. मग अंधारात काळी तोंडं ओळखली कशी? हा प्रश्न बचावाच्या वकिलाने विचारला असता तर केस तिथेच डगमगली असती, पण तो जबाब बचावाला दिलाच नाही. आणि जो पोरगा वाचला त्याला साक्षीला उभं केलं तर शपथेचा अर्थ त्याला कळत नाही म्हणून त्याची साक्षच घेतली नाही. त्या तीन साक्षीदारांना नंतर लॉर्ड लेफ्टनंट म्हणजे आयर्लंडमधला ब्रिटिश राजसत्तेचा प्रतिनिधी अर्ल स्पेन्सर याने मिळून 1,250 पौंड देवविले, ही त्या काळी डोंगरातल्या शेतकऱ्याने स्वप्नातही न बघितलेली रक्कम.

फाशीच्या आधी माइल्सबरोबर फाशी सुनावलेल्या बाकीच्या दोघांनी, पॅट्रिक जॉइस आणि पॅट्रिक केसी यांनी, आम्ही होतो पण माइल्स नव्हता असं लिहून दिलं. म्हणजे मरायला निघालेली माणसं, खोटं बोलून त्यांना काही मिळणार नव्हतं. ते स्पेन्सरपर्यंत पोचलं. त्याचं उत्तर, कायदा आपलं काम करेल. 15 डिसेंबर 1882 ला गॉलवेत तिघांना एकदम फाशी. माइल्स शेवटपर्यंत आयरिशमध्ये निर्दोष असल्याचं बोलत होता, दोर त्याच्या हातात अडकला आणि फाशी नीट बसली नाही, जीव जायला वेळ लागला.

दोन वर्षांनी, 1884 मध्ये, माफीचा साक्षीदार थॉमस केसी भर चर्चमध्ये आर्चबिशपसमोर उभा राहिला आणि म्हणाला मी खोटी साक्ष दिली, माइल्स निर्दोष होता. ब्रिटिश पार्लमेंटमध्ये गदारोळ झाला, आयरिश राष्ट्रवादी नेता पार्नेलच्या पक्षाने चौकशीची मागणी लावून धरली, झालं काही नाही.

याच उत्तराला जोडून प्रश्न: मग त्याला न्याय मिळालाच नाही? (तेच नाशिकचे वाचक, दुसऱ्या पत्रात)

मिळाला म्हणायचा तर 136 वर्षांनी. एप्रिल 2018 मध्ये राष्ट्राध्यक्ष मायकल डी. हिगिन्स यांनी माइल्स जॉइसला मरणोत्तर माफी दिली. तिथे ही माफी सरकारच्या सल्ल्याने दिली जाते आणि तेव्हा पंतप्रधान होते लिओ वराडकर, ज्यांचे वडील आपल्या मालवण तालुक्यातल्या वराडचे. कागदावर त्या सल्ल्यामागे एका सिंधुदुर्गाच्या घराण्यातल्या माणसाचं सरकार होतं, एवढं सांगायला मला आवडतं, त्यापलीकडे त्याचा फार अर्थ काढू नका.

आणि हो, प्रसिद्ध लेखक जेम्स जॉइस याचा नातेवाईक का, असं तिघांनी विचारलंय. तसा काही संबंध माहितीत नाही, पण त्याने 1907 मध्ये इटालियनमध्ये एका वर्तमानपत्रात या खटल्यावर लेख लिहिला होता. त्यात माइल्सला सत्तरीचा म्हातारा केलाय, प्रत्यक्षात तो चाळिशीतला होता.

प्रश्न: बायकोला चेटकीण समजून नवऱ्याने जाळलं, ती आयर्लंडची केस कुठली? (वाचक, इंदूर)

ब्रिजिट क्लिअरी, 1895, टिपररी परगणा. चेटकीण म्हणून नाही पण. त्या भागात असा समज होता की परीलोकातले लोक चांगल्या माणसाला उचलून नेतात आणि जागी त्याच्यासारखी दिसणारी नकली आकृती ठेवतात. ब्रिजिट विशीत, टोप्या आणि कपडे शिवायची, स्वतःचं शिलाई मशीन, कोंबड्या पाळून अंडी विकायची, म्हणजे नवऱ्यावर अवलंबून नसलेली बाई. ती आजारी पडली, ब्रॉन्कायटिससारखं काहीतरी, आणि नवरा मायकलच्या डोक्यात बसलं की ही माझी बायकोच नाही. डॉक्टर येऊन गेला, पाद्री येऊन गेला, आणि मग झाडपाल्याचा उपचार: नातेवाइकांनी तिला धरून ठेवायचं, औषध तोंडात कोंबायचं, देवाच्या नावाने सांग तू ब्रिजिट आहेस का असं विचारत राहायचं. 15 मार्चला मायकलने तिला चुलीपाशी पाडलं, दिव्याचं तेल ओतलं आणि जाळलं. घरात बाप, आत्या, आतेभाऊ हजर. हे सगळे बघत होते हे मला त्या परीच्या गोष्टीपेक्षा जास्त भयानक वाटतं.

मायकल नंतर काही रात्री एका जुन्या मातीच्या गढीपाशी जाऊन बसायचा, तिथून खरी ब्रिजिट पांढऱ्या घोड्यावर येणार म्हणून. 22 मार्चला पोलिसांना बॉडी सापडली, घरापासून थोड्याच अंतरावर उथळ खड्ड्यात. जुलैत क्लोनमेलला खटला झाला, मुख्य साक्षीदार आतेबहीण योहाना बर्क. ज्युरीने खून न धरता मनुष्यवध धरला, कारण मारायचा हेतू नव्हता, बायको परत आणायचा होता असं त्यांनी मानलं. 20 वर्षं सक्तमजुरी, 15 भोगून 1910 मध्ये सुटला आणि देश सोडून कॅनडाला गेला. बाकीच्या काही नातेवाइकांनाही सहा महिन्यांपासून पाच वर्षांपर्यंत शिक्षा झाल्या.

इंग्लंडच्या काही पेपरांनी ही केस मस्त वापरून घेतली, बघा असल्या लोकांना स्वराज्य द्यायचं का म्हणून. वाचताना ओळखीचं वाटेल.

प्रश्न: आयर्लंडमध्ये ज्युरीशिवाय चालणारं कोर्ट आहे म्हणे, लोकशाही देशात हे कसं काय? (कायद्याची विद्यार्थिनी, नागपूर)

स्पेशल क्रिमिनल कोर्ट. 1939 च्या कायद्याखाली बनलं, सध्याचं 1972 पासून सलग चालू आहे. तीन जज, बहुमताने निकाल, आणि कुणी वेगळं मत दिलं तर ते जाहीर करत नाहीत. कारण असं की सशस्त्र संघटना आणि नंतर ड्रग्जच्या टोळ्या ज्युरीतल्या लोकांना धमकावतील. राज्यघटनेत तशी तरतूद आहे, पण मानवाधिकारवाले यावर कायम टीका करतात आणि तुम्हाला परीक्षेत दोन्ही बाजू लिहाव्या लागतील.

माझ्या मते या कोर्टात जे बघायला मिळतं ते उलटंच आहे. पत्रकार व्हेरॉनिका गेरिनला 26 जून 1996 ला डब्लिनबाहेर नास रोडवर सिग्नलला गाडी थांबलेली असताना मारलं, कारण ती ड्रग्जच्या टोळ्यांबद्दल लिहायची. 1998 मध्ये पॉल वॉर्डला या कोर्टाने दोषी धरलं ते मुख्यतः चार्ल्स बोडेन या माफीच्या साक्षीदारावर, आणि 2002 मध्ये अपिलात ती शिक्षा रद्द झाली. ड्रग्जच्या टोळीचा म्होरक्या जॉन गिलिगन या खुनातून 2001 मध्ये सुटला, ड्रग्जसाठी मात्र त्याला मोठी शिक्षा झाली. त्यानंतर 2016 च्या रीजन्सी हॉटेल खुनाच्या केसमध्ये जेरार्ड हच 2023 ला निर्दोष सुटला, कारण जोनाथन डाउडल या माजी नगरसेवकाच्या साक्षीवर जजनी विश्वास ठेवला नाही. केरी पण नगरसेवक होता बघा! म्हणजे 1882 ला डब्लिनच्या ज्युरीने जे सहा मिनिटांत गिळलं ते आता तीन जज महिनोन्महिने चघळतात आणि पुष्कळदा थुंकतात. ज्युरी नसल्याचं दुःख आहेच, पण साक्षीदाराला काय मिळालं हा प्रश्न आता लेखी निकालात येतो, तेव्हा यायचा नाही.

गेरिनच्या खुनानंतर त्याच वर्षी क्रिमिनल ॲसेट्स ब्युरो आला, म्हणजे गुन्ह्यातून आलेली मालमत्ता जप्त करणारी यंत्रणा. तोही अभ्यासा.

प्रश्न: तिथे शेवटची फाशी कधी? (वाचक, पणजी)

20 एप्रिल 1954, मायकल मॅनिंग, डब्लिनच्या माउंटजॉय तुरुंगात. फाशी देणारा इंग्लंडहून यायचा, स्वतंत्र झाल्यावरही! 1990 ला कायद्यातून आणि 2001 च्या सार्वमताने राज्यघटनेतूनही फाशी गेली. त्याच तुरुंगात 1941 मध्ये हॅरी ग्लीसन या शेतमजुराला शेजारच्या बाईच्या खुनासाठी फाशी झाली होती. प्रेत सापडल्याचं पोलिसांना सांगायला तोच गेला होता, ज्युरीने दया दाखवा म्हटलं होतं, तरी झाली. 2015 च्या डिसेंबरात त्याला मरणोत्तर माफी मिळाली, आयरिश राज्याने दिलेली अशी पहिलीच.

प्रश्न: भारतात घडलेली एखादी आयरिश केस आहे का? (वाचक, पुणे कॅम्प)

आहे, लष्करी कोर्टातली. 1920 च्या जूनअखेर जालंधरला कॉनॉट रेंजर्स या आयरिश पलटणीच्या सैनिकांनी मायदेशी ब्रिटिश सैन्य जे अत्याचार करत होतं त्याच्या निषेधात काम करायला नकार दिला. बंड सोलनपर्यंत पोचलं, तिथे शस्त्रागारावर चाल करताना दोन सैनिक मेले. बऱ्याच जणांना मृत्युदंड सुनावला, प्रत्यक्षात गोळ्या घातल्या एकालाच, जेम्स डेलीला, 2 नोव्हेंबर 1920, दगशाई तुरुंग, हिमाचल. त्याचे अवशेष 1970 मध्ये आयर्लंडला नेले. दगशाईचा तुरुंग आता म्युझियम आहे, शिमल्याला जाताना वाटेत वाकडी वाट करून बघता येतो.

प्रश्न: नोकरीसाठी डब्लिनला आलोय, यातलं काय काय बघता येईल? (वाचक, डब्लिन)

किलमेनम तुरुंग आधी. गाइडबरोबरच आत सोडतात आणि तिकिटं लवकर संपतात म्हणून ऑनलाइन आधी काढा. ग्रीन स्ट्रीटची कोर्टाची इमारत बाहेरून बघा, स्पेशल क्रिमिनल कोर्ट 2010 पर्यंत तिथेच भरायचं, आता ते पार्कगेट स्ट्रीटच्या नव्या गोल इमारतीत गेलंय, फिनिक्स पार्कच्या अगदी तोंडाशी. कोर्टात सहसा कुणालाही मागे बसून ऐकता येतं, मोबाइल बंद ठेवा. हवा बरी असेल तर हाउथहून बोटीने आयर्लंड्स आय बेटावर जा, 1852 मध्ये विल्यम कर्वन या चित्रकाराची बायको तिथे मेली, कर्वनला फाशीची शिक्षा झाली आणि मग ती बदलून जन्मठेप, पण ती बुडाली की बुडवली यावर डॉक्टर लोक पुढे कितीतरी वर्षं भांडले. शेवटच्या बोटीची वेळ जातानाच विचारून घ्या.